मूकपटातली युद्धाची थट्टा नेमकी कोणाची असते?

प्रश्न : बोरीकाठचा मास्तर (अमळनेर)

नमस्कार मंडळी. मी शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेला माणूस आहे. गावातल्या वाचनालयाच्या माडीवर आम्ही काही जण दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी पांढरा पडदा लावून जुने चित्रपट दाखवतो. गेल्या महिन्यात चार्ली चॅप्लिनचा १९१८ सालचा ‘शोल्डर आर्म्स’ हा मूकपट दाखवला. पस्तीस-चाळीस माणसे आली होती आणि त्यांतली निम्मी शाळकरी मुले होती.

ज्यांनी तो पाहिलेला नाही त्यांच्यासाठी सांगतो. कवायतीत पावले कधीच नीट न पडणारा एक नवशिका शिपाई थकून खाटेवर पडतो आणि पुढच्याच दृश्यात आपल्याला तो फ्रान्समधल्या खंदकात दिसतो. तेथे तो शत्रूचे तेरा शिपाई एकट्याने पकडून आणतो, झाडाच्या खोडाचे सोंग घेऊन शत्रूच्या हद्दीत शिरतो आणि शेवटी खुद्द जर्मन सम्राट कैसरलाच कैद करतो. मग त्याला कोणीतरी हलवून जागे करते आणि हे सारे स्वप्न होते असे कळते.

शेवटच्या रांगेत आमच्या भागातले एक आबा बसले होते. ते सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले आहेत. खंदकातल्या झोपायच्या जागेत पाणी भरते आणि चार्ली ग्रामोफोनचा कर्णा तोंडाला लावून पाण्याखालून श्वास घेतो, त्या प्रसंगाला ते मनापासून हसले. पुढे टपाल येते तेव्हा मात्र वेगळे घडले. सर्वांना पत्रे मिळतात, चार्लीला मिळत नाही, म्हणून तो दुसऱ्या शिपायाच्या खांद्यावरून त्याचेच पत्र वाचू लागतो आणि त्या शिपायाच्या तोंडावर जे भाव उमटतात तेच याच्याही तोंडावर उमटत जातात. मुले खदखदून हसत होती आणि आबा गप्प होते. दिवे लागल्यावर ते जवळ आले आणि त्यांनी अहिराणीत एवढेच विचारले, “मास्तर, हाई थट्टा आमनी शे का वरला लोकेसनी?”

उपहास हा नेहमी सत्ता असणाऱ्यांचाच असतो, असे काहीतरी मी मास्तरी थाटात सांगितले. आबांनी मान डोलावली, आपली खुर्ची स्वतः घडी करून भिंतीला लावली आणि ते निघून गेले. माझे उत्तर त्यांना पटलेले नव्हते आणि घरी येईपर्यंत मलाही पटेनासे झाले. म्हणून येथे विचारतो आहे. युद्धाची आणि उच्चभ्रूंच्या ढोंगाची टर उडवणाऱ्या मूकपटांत तडाखा खरोखर कोणाला बसतो? आणि आबांना पुन्हा बोलवायचे तर पुढच्या वेळी कोणता चित्रपट दाखवावा?

उत्तर १ : पांझराकाठ (धुळे)

गुरुजी, आबांच्या प्रश्नाचे उत्तर त्याच चित्रपटात एका ठिकाणी आहे, पण तो प्रसंग जेमतेम मिनिटभराचा असल्याने मुलांच्या गोंगाटात हरवला असावा. चार्ली ते तेरा शिपाई पकडतो तेव्हा त्यांच्यासोबत एक बुटका, ताठ मानेचा जर्मन अधिकारीही असतो. चार्ली कैद्यांना सिगारेटी देतो, शिपाई त्या घेतात आणि अधिकारी मात्र तोऱ्यात नाकारतो. तेव्हा चार्ली त्याला आडवा मांडीवर घेतो आणि लहान पोराला द्यावेत तसे पार्श्वभागावर फटके देतो. आता त्या वेळी जर्मन शिपाई काय करतात ते पुन्हा पाहा. ते आपल्या साहेबाच्या मदतीला धावत नाहीत, ते खूश होऊन टाळ्या वाजवतात. दोन देशांमधली रेघ तेवढ्या वेळापुरती पुसली जाते आणि त्या जागी शिपाई व साहेब यांच्यामधली रेघ दिसू लागते. हे दृश्य १९१८ साली, युद्ध चालू असताना पडद्यावर आले हे लक्षात घेतले म्हणजे त्याची धिटाई कळते.

आणखी एक गंमत आहे. चार्लीचा थोरला भाऊ सिडनी चॅप्लिन याने या चित्रपटात दोन भूमिका केल्या आहेत. चार्लीसोबत खंदकात राहणारा सार्जंट तोच आणि कैसरही तोच. पैसे वाचवण्यासाठी असे केले असेल, नाही असे नाही, पण आपल्या बाजूचा हुद्देदार आणि शत्रूचा सम्राट यांना एकाच माणसाचा देह मिळाल्यामुळे जो अर्थ निघतो तो निघतोच.

पत्राच्या प्रसंगाबद्दल मला वेगळीच शंका आहे. तुम्ही चित्रपट कोणत्या गतीने दाखवलात? त्या काळी कॅमेरा हाताने फिरवत असत आणि सेकंदाला साधारण सोळा ते वीस चौकटी, म्हणजे फितीवरची एकेक स्थिर चित्रे, घेतल्या जात. ध्वनिपट आल्यावर चोवीस चौकटींची गती पक्की झाली. जुनी फीत तशीच चोवीसच्या गतीने उतरवलेली असली, तर माणसे कळसूत्री बाहुल्यांसारखी तुरुतुरु पळतात. मारामारीत किंवा पळापळीत थोडी घाई खपून जाते आणि चॅप्लिन स्वतःही काही ठिकाणी तिचा उपयोग करून घेत असे. परंतु चेहऱ्यावर हळूहळू पसरत जाणारे दुःख त्या गतीत उरत नाही आणि उरतात त्या नुसत्या माकडचेष्टा. सैनिकाची थट्टा झाल्यासारखे आबांना वाटले यात दिग्दर्शकाइतकाच तुमच्या यंत्राचाही वाटा असू शकतो. गती दुरुस्त केलेली प्रत मिळवा आणि तो एकच प्रसंग आबांना पुन्हा दाखवा.

उत्तर २ : गार्डाचा डबा (भुसावळ)

वरील प्रतिसाद वाचला. फटक्यांच्या प्रसंगाचे निरीक्षण उत्तम आहे, पण त्यावरून ‘शोल्डर आर्म्स’ला युद्धविरोधी उपहासाच्या पंगतीत बसवणे मला जास्तीचे वाटते.

हा चित्रपट २० ऑक्टोबर १९१८ रोजी प्रदर्शित झाला आणि ११ नोव्हेंबरला युद्धबंदी झाली. त्याच वर्षी चॅप्लिन हा मेरी पिकफोर्ड आणि डग्लस फेअरबँक्स या गाजलेल्या नटमंडळींसोबत अमेरिकेत गावोगावी फिरून युद्धासाठीचे सरकारी रोखे विकत होता. त्याच कामासाठी त्याने ‘द बाँड’ नावाचा एक छोटा चित्रपटही केला, ज्यात तो रोख्यांचे नाव लिहिलेला भलामोठा हातोडा कैसरच्या डोक्यात घालतो. इंग्लंडमधली काही मंडळी त्याला ‘तू स्वतः का लढायला जात नाहीस’ म्हणून टोचत होती, हेही खरे. असा माणूस त्या घडीला युद्धाच्या मुळावर घाव घालील ही अपेक्षाच चुकीची आहे. चित्रपटात चार्लीच्या बाजूचा एकही मंत्री, एकही पुरवठादार, एकही गुबगुबीत सरदार दिसत नाही. वरचा म्हणून जो काही दिसतो तो शत्रूचाच. शत्रूच्या राजाला हसणे हा सर्वांत स्वस्त उपहास आहे आणि त्याला कोणतेच सरकार हरकत घेत नाही. तेव्हा आबांना मी तरी असे सांगितले असते की थट्टा तुमची नाही, पण तुमच्या वरच्यांचीही नाही.

आपल्याच वरच्यांची थट्टा पाहायची असेल तर एर्न्स्ट लुबिच याचा १९२१ सालचा जर्मन मूकपट ‘डी बेर्गकात्से’ पाहा. नावाचा अर्थ डोंगरातले रानमांजर. बर्फाळ डोंगरातला एक किल्ला आहे. त्याची कमानीदार, वेटोळ्यांची सजावट एर्न्स्ट स्टेर्न याने अशी केली आहे की तो किल्ला कमी आणि हलवायाच्या दुकानातली मिठाई जास्त वाटावी. किल्लेदाराच्या मिशा त्याच्या पराक्रमापेक्षा मोठ्या आहेत. अलेक्सिस नावाचा एक छेलछबिला लेफ्टनंट शिक्षा म्हणून तेथे पाठवला जातो, तेव्हा शहरातल्या बायकांचा लोंढा त्याला निरोप द्यायला रस्त्यावर येतो आणि त्यांच्यासोबत लहान मुलींचा एक थवा ‘बाबा, अच्छा!’ म्हणून रुमाल हलवतो. (शाळकरी मुलांसमोर हा प्रसंग कसा समजावायचा ते गुरुजींनी आधी ठरवून ठेवावे.) पुढे हे सैन्य वाजंत्री घेऊन दरोडेखोरांवर चालून जाते, बर्फात लोळते, मार खाऊन परत येते आणि किल्ल्यात मात्र विजयोत्सव साजरा होतो. दरोडेखोरांच्या सरदाराची मुलगी रिश्का हिची भूमिका पोला नेग्री हिने केली आहे आणि त्या सगळ्या गणवेशधाऱ्यांत शुद्धीवर असलेली ती एकटीच आहे.

गंमत अशी की हा चित्रपट जर्मनीत पडला. सैनिकी थाटाची आणि युद्धाची टिंगल ऐकून घेण्याची तेव्हाच्या प्रेक्षकांची मनःस्थिती नव्हती, असे लुबिचने नंतर लिहून ठेवले आहे. पराभवाला तीन वर्षेही झाली नव्हती आणि घरोघरी कोणी ना कोणी गेलेले होते. आपल्याच साहेबांना हसायचे म्हटले तरी घरातल्या फोटोला घातलेला हार आड येतो. आबांचे मौन मला या बाजूनेही समजते.

उत्तर ३ : कपाशीचा भाव (चोपडा)

दोन्ही उत्तरे विनोदाभोवती फिरत आहेत, म्हणून थोडा कडू डोस देतो. उपहासात हसू आलेच पाहिजे असे नाही.

व्सेवोलोद पुदोव्किन याचा १९२७ सालचा ‘सेंट पीटर्सबर्गचा शेवट’ हा रशियन मूकपट घ्या. गावात पोट भरेना म्हणून एक शेतकऱ्याचा मुलगा राजधानीत येतो, कारखान्यात शिरतो, पुढे तुरुंग आणि तेथून थेट आघाडी. युद्ध जाहीर होते तेव्हा पडद्यावर बड्या लोकांच्या छातीवरची पदके दिसतात, कोट दिसतात, पण डोकी चौकटीच्या बाहेर कापलेली असतात. युद्ध पुकारणारी ही सारी मंडळी बिनडोक आहेत, हे सांगायला एकही पाटी (मूकपटात दृश्यांच्या मध्ये दिसणारा लिखित मजकूर) लागत नाही. त्यापुढचा भाग तर अंगावर येतो. एकीकडे चिखलात माणसे मरत आहेत आणि दुसरीकडे शेअर बाजारात उंच टोप्या घातलेले लोक भाव वाढले म्हणून बेभान होऊन एकमेकांवर चढत आहेत. खंदक, बाजार, पुन्हा खंदक, पुन्हा बाजार, असे ते संकलन चालू राहते. दोन चित्रे एकमेकांशेजारी ठेवली की तिसरा अर्थ प्रेक्षकाच्या मनात आपोआप तयार होतो, हे त्या काळच्या रशियन दिग्दर्शकांचे सूत्र होते आणि ते इतक्या थेटपणे लागू पडलेले मी दुसरीकडे क्वचितच पाहिले आहे.

आमच्याकडे जिनिंगच्या फाटकाबाहेर गाडीत कापूस भरून रात्र रात्र उभ्या राहणाऱ्या माणसाला हा प्रसंग समजावून सांगावा लागत नाही. माल त्याच्या घरात असतो तेव्हा भाव बसलेला असतो आणि माल दुसऱ्याच्या गोदामात गेला की भाव उठतो, ही गोष्ट तो जन्मभर पाहत आलेला असतो. मी हा भाग माझ्या वडिलांना संगणकावर दाखवला होता. त्यांना रशिया, झार, क्रांती यांतले काही ठाऊक नव्हते, पण बाजाराचे दृश्य सुरू होताच ते म्हणाले, “हे सौदेवाले आहेत.”

अलेक्सांद्र दोव्हझेन्को याच्या १९२९ सालच्या ‘आर्सेनल’मध्ये याहून कमी हालचालीत तेच साधले आहे. गावात पुरुष उरलेले नाहीत, शेतात पेरणी करता करता एक थकलेली बाई कोसळते आणि तिकडे झार निकोलस रोजनिशी लिहायला बसलेला आहे. विचार करून करून तो काय लिहितो, तर आज एक कावळा मारला, हवा छान आहे.

एक इशारा मात्र द्यायला हवा. ‘सेंट पीटर्सबर्गचा शेवट’ हा क्रांतीच्या दहाव्या वर्षदिनासाठी काढलेला चित्रपट आहे. जुन्या धन्यांची पिसे काढायला नवे धनी मोकळीक देतातच. त्याच दिग्दर्शकाला नव्या धन्यांबद्दल असे काही दाखवता आले असते का, हा प्रश्न आबांच्या प्रश्नाला जोडूनच विचारायला हवा.

जाता जाता एक. शेतजमीन गमावून शहरातल्या गिरणीकडे वळणाऱ्या शेतकऱ्याची गोष्ट आपल्याकडे बाबूराव पेंटर यांनी १९२५ सालीच ‘सावकारी पाश’ या मूकपटात सांगितली होती आणि त्यात तरुण शेतकऱ्याचे काम व्ही. शांताराम यांनी केले होते. त्यात युद्ध नाही, पण सावकाराची वही आहे, आणि आपल्या शेतकऱ्याची लढाई बहुतेक तिच्याशीच झालेली आहे. तो मूकपट आज पाहायला मिळत नाही याची हळहळ वाटते.

उत्तर ४ : सातपुड्याची लेक (शहादा)

मास्तर, मी नाट्यशास्त्राची विद्यार्थिनी होते, त्यामुळे माझे लक्ष कथेपेक्षा देहाकडे आणि कपड्यांकडे जाते. मूकपटात माणसाला बोलून खोटे वागता येत नाही. ढोंग दाखवायचे तर ते पोशाखातून, सलामातून, हातमोज्यांतून दाखवावे लागते. म्हणून माझी शिफारस एरिक फॉन स्ट्रोहाइम याच्या १९२२ सालच्या ‘फूलिश वाइव्ह्ज’ची आहे. संपूर्ण चित्रपट नव्हे, तो फार लांब आहे आणि मुलांसाठी नाही. त्यातला एकच धागा वेगळा काढून दाखवा.

महायुद्ध नुकतेच संपलेले आहे आणि मोंटे कार्लोमध्ये करामझिन नावाचा एक रशियन काउंट मिरवतो आहे. तो काउंट नाहीच, भामटा आहे, आणि हे काम स्ट्रोहाइमने स्वतः केले आहे. पांढराशुभ्र गणवेश, कडक सलाम, स्त्रियांच्या हातांचे चुंबन, सगळे अगदी बिनचूक. त्याच गावात एक अमेरिकन अधिकारी आहे. राजदूताच्या बायकोच्या हातून वस्तू पडते आणि हा अधिकारी ती उचलून देत नाही. तिला तो उद्धट वाटतो आणि आपल्यालाही तसेच वाटते. चित्रपटात बऱ्याच पुढे त्याच्या अंगावरचा झगा घसरतो, ती तो उचलायला जाते आणि तिला कळते की त्याला दोन्ही हात नाहीत. ती त्याची रिकामी बाही हातात घेते.

पुदोव्किनचा सगळा शेअर बाजार एका बाजूला आणि ही रिकामी बाही एका बाजूला ठेवली तर मी बाहीच निवडीन. कारण येथे थट्टा पडद्यावरच्या कोणाची होत नाही, ती आपली होते. शिष्टाचार पाहून माणसाची किंमत करणारे आपण, भामट्याला सभ्य समजलो आणि सैनिकाला असभ्य समजलो. आबांनी विचारले ती ‘वरची माणसे’ प्रत्येक वेळी महालातच असतात असे नाही, कधी ती तिकीट काढून समोरच्या खुर्चीत बसलेली असतात.

मुलांसाठी मात्र ‘सिटी लाइट्स’ची सुरुवात दाखवा. १९३१ सालचा चित्रपट आहे, बोलपट येऊन चार वर्षे झाली होती, तरीही चॅप्लिनने पात्रांना बोलू दिले नाही. शांतता आणि समृद्धी यांच्या पुतळ्याचे अनावरण आहे, प्रतिष्ठितांची भाषणे चालू आहेत आणि त्या भाषणांच्या जागी पिपाणीसारखा केकाटणारा आवाज येतो. पडदा सरकतो तर समृद्धीच्या मांडीवर चॅप्लिनचा भणंग झोपलेला. घाईने उतरताना त्याची विजार पुतळ्याच्या तलवारीत अडकते, नेमके तेव्हाच राष्ट्रगीत सुरू होते आणि तो तसाच लोंबकळत सावधान उभा राहण्याचा आटापिटा करतो. आपल्या तमाशातला सोंगाड्या राजासमोर मुजरा करता करता धोतर सावरतो, त्या वेळी राजाचीच अब्रू जाते. त्याच जातीचा हा विनोद आहे आणि आपल्या मुलांना तो पाट्यांवाचून कळेल.

उत्तर ५ : बोरीकाठचा मास्तर (अमळनेर)

सर्वांचे आभार. पांझराकाठ यांनी गतीबद्दल लिहिले ते अगदी खरे निघाले. आमची प्रत चोवीसच्या गतीने उतरवलेली होती. पुतण्याने संगणकावर गती कमी करून दिली आणि मी गेल्या गुरुवारी संगणक घेऊन आबांच्या घरी गेलो. फटक्यांचा प्रसंग पाहताना त्यांनी मांडीवर थाप मारली. पत्राचा प्रसंग मात्र त्यांनी दोनदा पाहिला आणि मग जे सांगितले ते मी माझ्या इतिहासाच्या वहीत लिहून ठेवले आहे.

ते म्हणाले की पत्र न येणे ही थट्टा नाही, तसे होतेच. त्यांना खुपले ते वेगळेच होते. पत्र वाचणाऱ्या शिपायाच्या लक्षात येते की कोणी खांद्यावरून डोकावते आहे, तेव्हा तो वैतागून बाजूला सरकतो. आबांच्या पलटणीत असे कोणी केले नसते. ज्याला पत्र आले नसेल त्याला शेजारी बसवून आपले पत्र मोठ्याने वाचून दाखवायचे आणि त्याच्या घरचीही खुशाली त्यात दोन ओळी घालून रचायची, असा तेथे रिवाज होता. हे ज्याने दाखवले त्याने खंदक पाहिलेला नाही, एवढाच त्यांचा आक्षेप होता. गार्डाचा डबा यांचा मुद्दा मी सांगितला तेव्हा ते हसले आणि म्हणाले, रोखे विकणाराही लागतोच की.

हात नसलेल्या अधिकाऱ्याची गोष्ट मी त्यांना तोंडी सांगितली. ते बराच वेळ काही बोलले नाहीत, मग तो चित्रपट कधी दाखवणार एवढे विचारले.

पुढच्या दुसऱ्या रविवारी आधी मुलांसाठी ‘सिटी लाइट्स’ची सुरुवात, नंतर बाहीचे दोन प्रसंग जोडून, आणि मुले घरी गेल्यावर ‘सेंट पीटर्सबर्गचा शेवट’ पूर्ण, असे ठरवले आहे. लुबिच मी तूर्त मागे ठेवतो, त्या निरोपाच्या प्रसंगाचे उत्तर अजून सुचलेले नाही. पुदोव्किनच्या पाट्या मराठीत आणायला मदत हवी आहे. कपाशीचा भाव यांनी बाजाराच्या भागातल्या पाट्या घ्याव्यात अशी विनंती आहे, कारण सौद्यातले शब्द माझ्यापेक्षा त्यांना ठाऊक असतील. आणि चोपड्याहून येणे जमणार असेल तर वडिलांनाही सोबत आणावे.